देलीची वीण

मा एफ्राझीनच्या हातात पूर्वी गोणपाट असायचं. झेंडा फार नंतर आला.

लेझा म्हणजे आमच्याकडचा मोठाला सरडा. कोरडे महिने लागले की त्याच्या माद्या डोंगरावरून खाली उतरतात. पोटं अंड्यांनी तटतटलेली, चाल जड. पोर्ट्समथचा रस्ता ओलांडायचा, समुद्राकाठच्या मातीच्या उतारावर बीळ उकरायचं, अंडी पुरून वर माती लोटायची आणि रिकाम्या पोटानं पुन्हा डोंगर चढायचा, एवढंच त्यांचं काम. मा तरुण होती तेव्हा नवराबायको त्या उतारावर गोणपाट घेऊन बसायची. अंड्यांवरची मादी हंडीत सर्वांत गोड लागते, हे आमच्याकडे दूधपित्या पोरालाही ठाऊक. मा तेव्हा गायचीसुद्धा:

लेझाबाई लेझाबाई, उतर ग डोंगर
माझ्या हंडीत ग तुला, मिऱ्याचं माहेर

पुढे राजधानीहून, रोझोहून, वनखात्याची मिस आर्लीन आली आणि उताराच्या तोंडाशी तिनं पाटी रोवली. पाटीवर आमच्या लेझाचं चित्र आणि खाली तिरक्या अक्षरांत काहीतरी.

"हे काय लिहिलंय?" मानं विचारलं.

"त्याचं शास्त्रातलं नाव, मा. इग्वाना देलिकातिसीमा. इग्वाना हा शब्द या बेटांवरच्या पहिल्या माणसांचा. पुढचा लॅटिन."

"म्हणजे पाद्र्याचा."

"पाद्र्याचाच म्हण. अर्थ, फार नाजूक. कुणी म्हणतं फार रुचकर."

मा कंबरेवर हात ठेवून हसत सुटली. "अग बाई! म्हणजे नाव देणारा ताटावरून उठून आला होता!"

"तांत, तुझ्याच हातचं जेवला असणार," तिचा भाचा ऑक्ताव्ह म्हणाला. तांत म्हणजे आत्या; पण तो ते असं म्हणायचा की शिवीसारखंही वाटावं आणि लाडासारखंही.

आर्लीनही हसली. मग म्हणाली, "जेवणारे फार झाले म्हणून तर पाटी लावावी लागली. या नावाचं जनावर आता चारदोन बेटांवरच उरलंय. ज्याला हे नाव लागतं त्याला मारायचं नाही, असा कायदा आहे."

"नुसत्या नावानं?"

"नुसत्या नावानं."

ते मात्र माच्या मनात रुतून बसलं. संध्याकाळी माझ्याकडे आली. मी उतारासमोर, रस्त्याच्या वळणावर मैद्याचे बेक तळते, फ्रीझरमधली मासळी विकते. चुलीशी बसून तेलाकडे बघत म्हणाली, "निनेट, जन्मभर मी यांची कातडी सोलली ग. पण ही नाजूक असतील, असं एकदाही मनात आलं नाही."

दुसऱ्या वर्षापासून ती वळणावर उभी राहू लागली. मेलेल्या नवऱ्याचा लाल सदरा बांबूला बांधलेला. मादी रस्त्यावर आली की मा सदरा आडवा धरायची. गाड्या कचकन थांबायच्या.

"मा, तुझ्या सुना गेल्या का पलीकडे?" बसवाला ओरडायचा.

"पोटुशी बाई आहे रे, दम धर! तुझ्या आईला वाट दिली म्हणून तू जन्मलास!"

गाणं तेच राहिलं. नुसती हंडीच्या जागी माती आली आणि मिऱ्याच्या जागी वाळू.

माझ्या मातीत ग तुला, वाळूचं माहेर

एका मादीची मानेवरची झालर मधेच तुटलेली होती. ती दर वर्षी ठरल्या जागी, उतारावरच्या मोठ्या शिळेच्या कुशीतच उकरायची. माला ते लांबलचक नाव तोंडात मावेना, म्हणून तिनं त्यातल्या लॅटिन शब्दाचा पहिला तुकडा मोडून घेतला आणि त्या मादीला देली म्हणू लागली.

मग मारिया वादळ आलं.

त्याचं काय सांगू. सकाळी दार नव्हतंच, तर उघडणार काय? नुसतं बाहेर पाहिलं. डोंगर तपकिरी, सोललेले. ज्या बेटावर काठी खोचली तर तिला पालवी फुटते, त्या बेटावर एक पान नव्हतं. पक्षी ओरडत नव्हता. लेझा म्हणजे पानांवर जगणारा जीव. पानंच नाहीत तर लेझा कुठला! मा पडक्या चौथऱ्यावर बसून डोंगराकडे बघायची आणि म्हणायची, "गेली माझी देली."

गावाला ताडपत्र्या मिळणार होत्या म्हणून मा रोझोच्या धक्क्यावर गेली. परमुलखातल्या जहाजांतून मदत उतरत होती. पत्रे, लाकूड, डबे. लाकडाचा एक मोठा कंटेनर उघडला तर आत, फळ्यांच्या बेचक्यात, एक लेझा. हाडांचा सापळा. डोळे अर्धे मिटलेले. हमालांनी तिथल्या तिथे सुरी काढली. चार दिवस कुणाच्या पोटात धड काही नव्हतं, त्यांना तरी काय म्हणावं. मानं आपल्या वाटणीची तांदळाची पिशवी त्यांच्यासमोर आपटली आणि लेझा उचलून डोक्याच्या रुमालात गुंडाळला.

ट्रक गावात शिरला तेव्हा मा उभी राहूनच आली. "वाचलाय! आपला एक वाचलाय!" छपरं नसलेली माणसं टाळ्या वाजवत धावली. आम्ही त्याला भोपळ्याची फुलं चारली, खोबरेल लावून त्याचे ओरखडे पुसले आणि बरा झाल्यावर गात गात उतारावर सोडला. त्याच्या शेपटीवर काळे पट्टे होते. कानाखाली एक मोठं गोल खवलं होतं, कोटाच्या बटणाएवढं. आमच्या लेझांना ते नसतं. आम्हांला दिसलं नाही असं नाही. पण त्या वादळानं आमचीच तोंडं आम्हांला ओळखू येत नव्हती. जनावराचा पट्टा कोण बघतो? मानं त्याचं नाव पाहुणा ठेवलं.

डोंगर पुन्हा हिरवा झाला. आणि एके सकाळी, कोरड्या महिन्यांत, देली रस्त्यावर उभी. तुटकी झालर, जड चाल. मा रस्त्याच्या मधोमध बसून रडली आणि मागे गाड्यांची रांग लागली. त्या दिवशी कुणी हॉर्न वाजवला नाही.

पुढची वर्षं उताराला जणू बहर आला. पिल्लंच पिल्लं. आर्लीनची मात्र आमच्याकडे फेरी नव्हती. तिचं ऑफिसच वादळात वाहून गेलं होतं. ती आली तेव्हा बदामाच्या झाडावर पाहुणा ऊन खात पसरला होता. पुष्ट, नारिंगी झाक आलेला, राजासारखा. आर्लीन झाडाखाली उभी राहिली आणि तिच्या हातातली पिशवी गळून पडली.

"हा कुणी आणला?"

"मी," मा म्हणाली. "मरत होता."

"मा, हा आपला नाही. हा परमुलखातला हिरवा. इग्वाना इग्वाना."

"नाव दोनदा?" ऑक्ताव्ह म्हणाला. "एका हाकेला येत नाही का?"

आर्लीन हसली नाही. शिळेवर बसून तिनं सांगितलं. हा आपल्याहून थोराड. अंडी जास्त, भूक जास्त. आपल्या नरांना हाकलतो, आपल्या माद्यांशी जुळतो, आणि होणारी पिल्लं ना या नावाची ना त्या. तीही पुन्हा वितात. ज्या बेटावर हा पोहोचला त्या बेटावरचं ते नाजूक नाव हळूहळू पुसलं गेलं. कुणी मारलं नाही, कुणी खाल्लं नाही. पिलावळीतच विरघळून गेलं.

"मग आता?"

"पट्टेवाले सगळे मारायचे. मिसळीचेही."

ऑक्ताव्हला खात्यानं पहाऱ्याची नोकरी दिली होती. पाहुण्याला त्यानंच फासात धरलं. मा त्या दिवशी घराबाहेर पडली नाही. मग रोज एक, कधी दोन. बहर म्हणून आम्ही ज्याला ओवाळलं होतं त्यातलं निवडून काढलं तेव्हा उतार रिता झाला. आमची म्हणावी अशी एकटी देली उरली. आणि वरच्या उंच झाडावर एक म्हातारा नर, डोळ्यांवर पांढरा पडदा चढलेला.

त्या वर्षी देलीनं शिळेच्या कुशीत अंडी पुरली तेव्हा आर्लीननं त्यावर जाळीचं कडं बसवलं. "पिल्लं निघतील तेव्हा बघू. एखादं जरी आपलं निघालं तरी हा उतार जिवंत आहे. ते वाढवू, त्याला जोड शोधू. नाही तर इथलं खातं मिटलं."

"आपलीच निघतील," मा म्हणाली. "म्हाताऱ्याबरोबर होती ती. मी डोळ्यांनी पाहिलंय."

"म्हाताऱ्याला काही दिसत नाही, तांत."

"त्यासाठी दिसावं लागत नाही, गाढवा!"

आम्ही सगळे हसलो. माही. उतारावर हसल्याचं मला आठवतं ते तेवढंच, शेवटचं.

पिल्लं निघाली ती पाऊस उघडलेल्या एका सकाळी. आधी माती हलली. मग एक नाक, पानासारखं हिरवं. मा गुडघ्यांवर बसली होती. आर्लीननं पहिलं पिल्लू दोन बोटांत धरलं, भिंग लावून कानाखाली पाहिलं. ऑक्ताव्हच्या बादलीत सोडलं.

"काय?" मानं विचारलं.

"खवलं आहे, मा."

दुसरं. तिसरं. माती फुटत होती, हिरवे कोंब वर येत होते आणि बादलीत जात होते. बादलीच्या पत्र्यावर नखं वाजू लागली. मा प्रत्येक वेळी मान पुढे करायची आणि आर्लीन प्रत्येक वेळी मान हलवायची. मग तिनं मान हलवणंही सोडलं.

शेवटचं पिल्लू उशिरा आलं. बारकं. मातीतून निघून तिथंच बसून राहिलं. आर्लीननं भिंग लावलं आणि थांबली. पुन्हा पाहिलं. 

"खवलं?" मा पुटपुटली.

"लहान आहे. फार लहान."

"लहान म्हणजे नाहीच!"

"मा, आपल्यांना ते नसतंच. आणि हे बघ." तिनं शेपटी उन्हात धरली. पाण्यावर सावली पडावी तसे पट्टे होते, पुसट, पण होते. "बाप म्हातारा नाही. पाहुण्याचाच कुणी पोरगा, जो ऑक्ताव्हच्या फासातून सुटला."

"एवढ्याशा सावलीसाठी?"

"सावलीच पुढे वाढते."

मानं हात पुढे करून पिल्लू मागितलं. आर्लीननं दिलं. तळहातावर ते शांत बसलं. मा त्याच्याकडे बघत बोलू लागली, आवाज न चढवता. "माझी आजी करीब, या बेटांवरच्या पहिल्या माणसांतली. आईचा बाप जहाजातून विकायला आणलेल्यांच्या वंशातला. माझ्या बापाचा बाप कुणी फ्रेंच, त्यानं तर नावही दिलं नाही. पोरी, मला उन्हात धरलंस तर किती पट्टे दिसतील ग? मला कुठल्या बादलीत टाकशील?"

आर्लीनचा रंगही माच्याच जातीचा, कॉफीत दूध पडलेला. तिच्या डोळ्यांत पाणी भरलं, पण ती म्हणाली, "माणसं उरली, मा. कशीही मिसळली तरी माणसंच उरली. देलीचं तसं होणार नाही. हे जगलं तर ती संपते."

"आणि हे मेलं तर ती उरते?"

आर्लीननं ऑक्ताव्हकडे पाहिलं. ऑक्ताव्ह समुद्राकडे बघत होता. तेवढ्यानंच कळलं. म्हातारा नर झाडावरून मागच्याच आठवड्यात पडून मेला होता. ऑक्ताव्हनं पुरला आणि आत्याला सांगितलं नव्हतं.

मानं पिल्लाच्या पाठीवरून एकदा बोट फिरवलं. मग तिनं स्वतःच्या हातानं पिल्लू बादलीत सोडलं.

"कसं मारणार?"

"थंडीत ठेवतात. झोप येते. दुखत नाही, असं म्हणतात."

थंडी गावात एकीकडेच होती. मी पुढे झाले, फ्रीझरमधली मासळी उपसून टोपलीत भरली. आर्लीननं पिल्लं कापडी पिशवीत घातली, तोंड बांधलं आणि पिशवीला अडकवायची चिठ्ठी लिहू लागली. मेलेली का होईना, ती खात्यात नोंदवायची होती. मा तिच्या खांद्यावरून वाकून बघत होती. वाचता येत नसलं तरी पाटीवरची ती तिरकी अक्षरं तिला ओळखीची झाली होती.

"हे देलीचं नाव."

"हो."

"आणि हे दोनदा लिहिलेलं, पाहुण्याचं. मधे ही फुली कसली?"

"मिसळीच्या जीवाला वेगळं नाव देत नाहीत, मा. आईचं लिहायचं, बापाचं लिहायचं आणि मधे फुली घालायची. तशी रीत आहे."

"म्हणजे यांना नाव नाही."

"नाही."

मानं पिशवी घेतली, फ्रीझरमधे बर्फाच्या कडेला अलगद ठेवली, जशी झोपलेलं पोर खाली ठेवताना बाई ठेवते, मान आधी, मग हात काढून घेत. झाकण लावलं. त्याच्यावर कान टेकून उभी राहिली. आतून नखांचा आवाज येत होता, बारीक, वाळक्या शेंगेत बिया हलाव्यात तसा.

बंदरावरून कोळी आला, बर्फ मागायला. मी त्याला हातानंच परत पाठवलं. टोपलीतली मासळी उन्हात मऊ पडू लागली, तिच्यावर माश्या आल्या. कुणी त्या हाकलल्या नाहीत.

आवाज कमी होत गेला. एकटं कुणीतरी राहिलं होतं, ते थांबायचं आणि पुन्हा सुरू व्हायचं.

"तेच बारकं असणार," मा म्हणाली.

मग तेही थांबलं. मानं कान काढला नाही.