शेरीफच्या पायाखालचा खोका

मी एक जुना लाकडी खोका आहे आणि मित्रांनो, आधीच सांगून ठेवतो, मी चिडलेला आहे. हॉलिवूडच्या स्टुडिओंत मला सफरचंदाचा खोका म्हणतात, पण माझ्या पोटात आजवर एकही सफरचंद पडलेलं नाही. निल्स नावाच्या म्हाताऱ्या सुताराने पाइनच्या फळ्या ठोकून मला बनवलं, उचलायला दोन्ही बाजूंना खाचा पाडल्या आणि बजावलं, "कॅमेऱ्यात दिसलास, तर चूक तुझी."

माझं काम एकच होतं. टीव्हीवरच्या काउबॉय मालिकेत शेरीफ, म्हणजे गावचा पोलीसप्रमुख, झालेल्या ड्वेन कार्लाइल साहेबांना उंच करायचं. साहेबांचा आवाज भारदस्त, चेहरा रुबाबदार, उंची मात्र बेताची. दर शुक्रवारी अख्खा देश त्यांचं कौतुक करायचा आणि मी त्यांच्या बुटांखाली मुकाट पडून असायचो.

ऑरिन टीग हा पोरगा मालिकेत शेरीफच्या तबेल्यातल्या टिप नावाच्या पोऱ्याचं काम करायचा. नेब्रास्काहून आला तेव्हा तो सतरा वर्षांचा होता. प्रत्येक भागात त्याला एकच वाक्य असे, "शेरीफ, ते टेकडीकडे पळाले!" तीन वर्षं टेकडी तीच आणि पळणारेही तेच. मधल्या सुट्टीत तो माझ्यावर बसून सफरचंद खायचा आणि ते वाक्य दहा तऱ्हांनी म्हणून बघायचा. अकरावी तऱ्हा कुणी विचारेल, अशी बिचाऱ्याला आशा होती.

पंचाईत अशी, की पोरगा उंच होत चालला. पहिल्या वर्षी मी एकटा पुरलो. दुसऱ्या वर्षी माझ्या डोक्यावर माझा अर्ध्या उंचीचा भाऊ चढवावा लागला. दिग्दर्शक ऑरिनला रोज सांगायचे, मान खाली घाल, कुंपणावर बस, टोपी काढ. निल्सनेही त्याला बाजूला घेतलं. "बाबा रे, आता थांब. नाहीतर घरी जाशील." ऑरिन हसला, पण दुसऱ्या दिवसापासून त्याने दूध सोडलं. दूध सोडून कुणाची उंची थांबते का? माझा नुसता जळफळाट व्हायचा.

तिसऱ्या वर्षाच्या शेवटी त्याला एक खरं दृश्य मिळालं. शेरीफ एका निरपराध माणसाला फासावर चढवायला निघतो आणि टिप त्याला अडवतो. तब्बल चार वाक्यं! आठवडाभर माझ्यावर बसून त्याने ती घोकली. पण दोघंही डोक्यापासून बुटांपर्यंत दिसणार होते, त्यामुळे मला तिथे जागा नव्हती. म्हणून ऑरिनला लांब कोट घालून आत गुडघे वाकवून उभं केलं.

आठ वेळा तो तसाच उभा राहिला. नवव्या वेळी तो सरळ झाला.

"शेरीफ, तुम्ही चुकताय. हा माणूस निर्दोष आहे. तुम्हालाही ते माहीत आहे. मग गप्प का?"

साहेबांना मान वर करून बघावं लागलं आणि पुढचं वाक्य ते विसरून गेले. मग दिग्दर्शक हळूच म्हणाले, "थांबवा."

ते दृश्य कापून टाकलं. सोमवारी ऑरिनला फाटकावरच कळलं, की आता त्याचं काम नाही. बूट न्यायला तो आत आला, मला उलटा केलं, तळाशी शिसपेन्सिलीने काहीतरी लिहिलं आणि पुन्हा सुलटा ठेवून निघून गेला.

त्याच दुपारी कार्लाइल साहेब माझ्यावर चढले. टिप कुठंय, असं कुणीतरी मालिकेत विचारलं. साहेब म्हणाले, "टिप? तो गेला मामाकडे, ओहायोला." संपलं! पोराची तीन वर्षं एका वाक्यात उडवली आणि ते वाक्य मी माझ्या डोक्यावर पेललं. तेव्हा कडकन मोडून त्यांना खाली आपटावंसं वाटलं. पण निल्सचे खिळे पक्के होते.

आता मी गोदामाच्या दाराला टेकू म्हणून पडलोय. कुणी माझ्यावर रंगाचे डबे ठेवतं, कुणी बूट बांधायला पाय ठेवतं. मित्रांनो, खुशाल उभे राहा माझ्यावर, मी त्यासाठीच बनलोय. पण खाली उतरलात की एकदा मला उलटा करा. मालिकेच्या नामावलीत जे कधी आलं नाही, ते तिथे आहे: 'ऑरिन टीग. सहा फूट दोन इंच. सरळ उभा.'

लवकर वाचा, अक्षरं पुसट होत चालली आहेत.