पेटत्या भट्टीला सील

आमच्या काचेच्या कारखान्यातली भट्टी कधी विझत नसे. आई तिला सवत म्हणायची, कारण बाबा भरल्या ताटावरून उठून तिची आच बघायला जायचे. आई गेली, सवत राहिली.

कर्ज थकलं आणि बँकेची नोटीस आली. मी सविस्तर हरकत लिहून दिली. उत्तर नाही. मग थेट ताबा घ्यायची तारीखच कळवली, पुढच्या आठवड्यातली. भट्टी विझवायची तर आच दिवसेंदिवस हळूहळू उतरवावी लागते, नाहीतर मूस, म्हणजे काच वितळवायचं जाड भांडं, तडकते. बाबांनी आच उतरवायला घेतलीच नाही.

"पेटत्या भट्टीला सील कोण लावणार? माणसंच आहेत ना ती!"

आमच्या वकीलसाहेबांनी मान डोलावली. मान डोलावण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता.

माणसंच होती. त्यांनी गॅस बंद केला, शटर ओढलं, कुलपावर लाख ओतली आणि जेवायला गेली. मी वसुली अधिकाऱ्यावर ओरडले, मग फोनवर वकिलांवर ओरडले. बाबा शटरला पाठ टेकून बसले होते. अंधारून आल्यावर त्यांना हाताला धरून घरी नेलं.

पुढची दोन वर्षं कोर्ट. माझ्या रजा संपल्या, मग बिनपगारी रजा संपल्या, मग नोकरीच संपली. लग्नाचं विचारणारा एक जण होता. तारखांना कंटाळून तोही गेला. वाईट वाटायला सवड झाली नाही असं मी सगळ्यांना सांगायचे. खोटं कशाला बोलू, झाली. बसमध्ये तोंड खिडकीकडे करून रडायचे. बाबा मात्र प्रत्येक तारखेला इस्त्रीचा शर्ट घालून मागच्या बाकावर हजर.

"बंद भट्टी आतल्या आत सावकाशच निवली असेल. ती वाट बघतेय आपली," मी म्हणायचे. ते नुसतं हं म्हणायचे.

आम्ही जिंकलो. हरकतीला उत्तर न देता घेतलेला ताबा बेकायदा ठरला. बँकेला पहिल्यापासून पुन्हा नोटीस काढायची मोकळीक होती म्हणे, पण त्या दिवशी ते कोण ऐकतंय!

शटर वर गेलं. मी धावत जाऊन भट्टीचं दार ओढलं. मूस मधोमध चिरलेली. काच ओघळून खाली तळात अशी गोठली होती, की ती फोडायची तर भट्टीच फोडावी लागेल. मी मागे वळले. बाबा भट्टीकडे बघतच नव्हते. ते माझ्याकडे बघत होते.

"तुम्हाला माहीत होतं?"

"त्याच संध्याकाळी तडकली. शटरला पाठ होती ना माझी, आवाज आला. तू तिकडे फोनवर भांडत होतीस."

"आणि दोन वर्षं मला पळू दिलंत? का, बाबा?"

त्यांनी खुंटीवरची फुंकणी काढली, धूळ पुसली, परत होती तिथे अडकवली.

"सांगणारच होतो. पण माझ्यासाठी असं कधी कुणी भांडलं नव्हतं गं. म्हटलं, आज नको, उद्या सांगू. मग तारीख पडली. मग तुझी नोकरी गेली. मग कुठल्या तोंडाने सांगणार होतो?"

मला त्यांचा भयंकर राग आला. आणि त्या इस्त्रीच्या शर्टाकडे बघून जीव तुटला.

बाहेर बँकेचा माणूस चावी मिळाल्याची सही घ्यायला ताटकळला होता. मी सही केली.

"अभिनंदन, मॅडम," तो अगदी मनापासून म्हणाला.

बाबा शटर खाली ओढायला लागले. एकट्याला जमेना, म्हणून मी हात लावला.