धुरा शाबूत

देवकीताईंनी एकतीस वर्षं जीवशास्त्र शिकवलं. 'डिसप्लेसिया' या शब्दाचे जेवढे हाल त्या एकतीस वर्षांत शेवटच्या बाकावरच्या पोरांनी केले नव्हते, तेवढे त्यांच्या माहेरच्या माणसांनी एका सकाळी, चहा गार व्हायच्या आत केले.

पहिला मान भाच्याचा. गिरिधर चपला काढता काढताच ओरडला, "आत्या, कॅन्सर नाही! नुसता डिसप्लेसिया निघाला." आणि त्यानं संत्रा बर्फीचा डबा टेबलावर ठेवला. त्याची बायको सोनिका मागून आली ती मोबाइलमध्ये बघत. "मी वाचलं आत्याबाई. ते मोठ्या कुत्र्यांच्या कमरेत होते म्हणते. मग बाबांच्या तोंडात काहून झालं?"

तिसरे नत्थूजी, देवकीताईंचे धाकटे भाऊ, ज्यांच्या गालाच्या आतल्या पांढऱ्या चट्ट्याचा तो रिपोर्ट होता. ते काहीच बोलले नाहीत. बोलणार कसे? त्याच गालात सुपारी-तंबाखूचा खर्रा होता.

"नत्थू," देवकीताई म्हणाल्या, "थुंकून ये."

"आताच तर टाकला वं बाई."

"थुंकून ये म्हटलं ना."

नत्थूजी उठले, मागच्या अंगणात गेले, पाच मिनिटं लावून आले. वय बाहत्तर, पण मोठ्या बहिणीनं डोळे वटारले की अजूनही खाली मान. मान खाली घालायची आणि मनात असेल तेच करायचं, ही त्यांची लहानपणापासूनची रीत.

देवकीताईंनी चष्मा पुसून रिपोर्ट वाचला. मॉडरेट एपिथेलियल डिसप्लेसिया. इन्व्हेजन, म्हणजे खोलवर शिरकाव, दिसत नाही. खाली सही डॉ. अश्लेषा हिची. ही पोरगी त्यांच्याच हाताखाली बारावी झाली होती आणि आता नागपुरातच, धंतोलीत तिची स्वतःची पॅथॉलॉजी लॅब होती.

"डॉक्टर काय म्हणाले?"

"चट्टा काढून टाका म्हणाले," गिरिधरनं सांगितलं. "येत्या बुधवारी या म्हणे. बाबा म्हणतात, मृगाचा तोडा झाल्यावर पाहू. कॅन्सर नाहीच तर घाई कशाची?"

झाडांवर मृग बहाराची संत्री पिकून उभी होती. तोडा म्हणजे महिना-दीड महिना. मग उन्हाळी पाणी. मग कोणाचं लग्न. देवकीताईंना ती सगळी यादी पाठ होती. मोतीबिंदूच्या वेळी हीच यादी ऐकता ऐकता तीन वर्षं गेली होती.

त्यांनी पोहे पुढे केले. नत्थूजींनी तिखट तर्रीची वाटी हळूच बाजूला सारली. "जळते," म्हणाले. बर्फीची वडी त्यांनी चार तुकडे करून, एकेक तुकडा आडवा धरून तोंडात सरकवला. पेरणीला एका हातानं तिफण पेलणारा हा माणूस, त्याच्या तोंडात आता दोन बोटांहून जास्त काही शिरत नव्हतं, आणि घरात ते कोणाच्या डोळ्याला दिसत नव्हतं. कसं दिसेल? घरातले सगळेच बारीक तुकडे करून खात असतील. गिरिधरच्या खिशातूनही खर्र्याच्या पन्नीचं टोक डोकावत होतंच.

"इकडे बघा सगळे," देवकीताईंनी भिंतीवरचं कॅलेंडर काढून पालथं केलं आणि पेन घेतलं. "ही गालाची आतली त्वचा. खालच्या थरात पेशी जन्मतात. तिथून वर सरकतात, सरकताना पिकतात, चपट्या होतात, आणि शेवटी गळून जातात. प्रत्येकीची जागा ठरलेली, आकार ठरलेला. डिसप्लेसिया म्हणजे ही शिस्त मोडणं. केंद्रक फुगतं, काळं पडतं. जे विभाजन तळाशी व्हायचं ते वरच्या थरातही व्हायला लागतं. पेशी पिकतच नाहीत, कच्च्याच वर चढतात. आणि सोनिका, कुत्र्याच्या कमरेचं ते वेगळं. शब्द तोच, पण तिथे हाडाचा सांधा नीट घडत नाही. कोणत्या अवयवाबद्दल बोलतो आहोत ते पाहूनच हा शब्द वापरायचा असतो."

"म्हणजे मले कॅन्सर हाय का नाही?" नत्थूजींनी विचारलं.

"नाही. पण—"

"झालं!" त्यांनी गुडघ्यावर थाप मारली. "आयकलं का गा गिरिधर? आत्यानंही सांगतलं."

"अरे, माझं 'पण' तर पुरं होऊ दे!"

"तुयं 'पण' लई लांब असते वं बाई. शाळेतच पुरं होत नव्हतं, घंटा वाजे."

गिरिधर हसला. देवकीताईंनी पेनाचं टोपण इतक्या जोरात लावलं की ते चिरलं. वर्गात निदान परीक्षेची भीती असते. इथे कशाची भीती घालणार?

त्याचं उत्तर सोनिकानं स्वयंपाकघरात दिलं. कप धुताना ती आवाज उतरवून म्हणाली, "आत्याबाई, सांगून टाका ना की कॅन्सरच हाय. तुमचं खोटं त्यांले समजणार नाही. भेतीन, अन् बुधवारी येतीन."

देवकीताईंच्या मनात ते आलं नव्हतं असं नाही. 'हो' म्हणायला कितीसा वेळ लागतो? पण त्यांना धोंडबाकाका आठवले. ते वडिलांचे चुलतभाऊ. त्या स्वतः कॉलेजात शिकत होत्या तेव्हाची गोष्ट. काकांच्या जिभेवर गाठ आली आणि कोणी तरी 'कॅन्सर' हा शब्द उच्चारला. काकांनी त्याच दिवशी बागेत खाट टाकली. आता काय उरलं, म्हणाले. ना दवाखाना, ना औषध, तंबाखू मात्र दुप्पट. नागपूरच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं की अजून वेळ आहे, पण वेळ आहे हे कोणी ऐकलंच नाही. त्या घराण्यात त्या रोगाला दोनच शब्द होते, आहे आणि नाही. मधला शब्दच नव्हता.

नत्थू त्याच घराण्यातला होता. 'आहे' म्हटलं तर हाही खाट टाकेल. 'नाही' म्हटलं तर तोड्याला जाईल.

"नाही सोनिका," त्या म्हणाल्या. "चुकीचा शब्द मी सांगणार नाही. पण तुम्ही दोघं गावाला जा. याला आज इथेच राहू दे."

दुसऱ्या दिवशी सकाळी प्रतापनगरहून धंतोलीला जाणाऱ्या ऑटोत नत्थूजी कुरकुरत बसले होते. "आता कायले तिथं? सुई टोचतीन का पुन्हा?"

"कोणी काही टोचत नाही. तुला एक गोष्ट दाखवायची आहे."

नत्थूजी बाहेर बघत म्हणाले, "हे तू मले आधीबी एकदा म्हटलं होतं."

देवकीताईंना वाटलं होतं, तो विसरला असेल.

बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला कांद्याच्या मुळांचा प्रयोग होता. पाण्याच्या ग्लासावर कांदा ठेवायचा, तीन-चार दिवसांत पांढरी मुळं सुटतात. सकाळी त्यांची टोकं कापायची, रंगवायची, काचेखाली अंगठ्यानं दाबायची, मग सूक्ष्मदर्शकात पेशींचं विभाजन दिसतं. बाजारातल्या कांद्यांना मुळं फुटेनात. देवकीनं घरी पोस्टकार्ड टाकलं आणि चौथ्या दिवशी पहिल्या एसटीनं नत्थू हजर झाला, धोतराच्या फडक्यात घरच्या शेतातले बारा कांदे बांधून. वडिलांची कंबर त्याच वर्षी मोडली होती. दोघांपैकी एकानंच शिकायचं असं ठरलं, आणि ते ठरवताना नत्थूला कोणी विचारलं नाही. तो दाराशी म्हणाला होता, "बाई, मलेबी दाखव ना, त्यात काय दिसते ते." प्रयोगशाळेत बाहेरच्या माणसाला मज्जाव होता. नत्थू दोन तास लिंबाखाली बसून राहिला. देवकीनं बाहेर येऊन सांगितलं, "पुढच्या वेळी नक्की दाखवते."

पुढच्या वेळी देवकीचं लग्न झालं, नोकरी लागली, मुलं झाली. शेकडो पोरांना त्यांनी कांद्याच्या पेशी दाखवल्या. नत्थूला दाखवायच्या राहूनच गेल्या.

अश्लेषा पाया पडली. तिनं नत्थूजींच्या गालाच्या तुकड्याची काच काढून ठेवलीच होती. तिच्याकडचा सूक्ष्मदर्शक दोघांना समोरासमोर बसून एकच गोष्ट बघता येईल असा होता. तिनं नत्थूजींना स्टुलावर बसवलं, उंची जुळवून दिली. पलीकडून देवकीताईंनी डोळे लावले आणि बोलायला सुरुवात केली. "हे बघ, जांभळे ठिपके आहेत ना, ती केंद्रकं. आता डावीकडे—"

"बाई, गप राय ना जराशी. मले पाहू दे."

देवकीताई गप्प बसल्या. एकतीस वर्षांत कोणा विद्यार्थ्याची अशी छाती झाली नव्हती. अश्लेषा हसू दाबून खिडकीबाहेर बघू लागली.

नत्थूजी पाहत राहिले. बराच वेळ. अश्लेषानं काच सावकाश सरकवली.

"हे माहंच?" त्यांनी विचारलं.

"हो, मामा. तुमच्या गालातलं."

"इकडं लागवड बराबर हाय. ओळीत. खाली लहान लहान, वर पसरट." ते थांबले. "अन् हे पुढं... हे कोनं लावलं? ना दोरी, ना अंतर. एकावर एक चढून राहिले. काही काळेभोर, काही फुगले." आवाज चिडका झाला होता. नरखेड तालुक्यात नत्थूजींची बाग दोरी धरून लावल्यासारखी सरळ म्हणून ओळखली जात होती, कारण ती खरोखरच दोरी धरून लावली होती. कोणत्याही कोपऱ्यात उभं राहिलं की झाडामागे झाड लपायचं. "असा बगीचा असता तर म्या मजुराले दुसऱ्या दिवशी येऊ देलं नसतं."

देवकीताईंच्या जिभेवर तीन वाक्यं आली. तिन्ही त्यांनी गिळली.

"अन् पोरी, ही खालची बारीक रेघ? ही धुऱ्यासारखी?"

धुरा म्हणजे शेताचा बांध. देवकीताई पुस्तकात त्याला तळपटल म्हणत आणि ते तीन वेळा फळ्यावर लिहून घेत.

"धुराच, मामा," अश्लेषा म्हणाली. "या पेशी याच्या खाली शिरल्या तर तो कॅन्सर."

नत्थूजींनी पुन्हा डोळे लावले. काच एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सरकवायला लावली, धुऱ्यावरून फिरून यावं तशी. मग मान वर केली.

"धुरा शाबूत हाय."

"शाबूत आहे. तो तसा असतानाच चट्टा काढायचा, म्हणून बुधवार म्हणालेत," अश्लेषा म्हणाली.

"चट्टा काढला की झालं?"

"नाही. खर्रा सुरू राहिला तर शेजारी पुन्हा होईल. आणि काढला तरी दर तीन महिन्यांनी डॉक्टरांना तोंड दाखवायचं. प्रत्येक डिसप्लेसियाचा कॅन्सर होतोच असं नाही, पण कोणाचा होईल हे काच सांगत नाही."

नत्थूजींनी मान हलवली. 'पण' या शब्दावर या वेळी त्यांनी गुडघ्यावर थाप मारली नाही. देवकीताईंनी ते नोंदवून ठेवलं आणि अश्लेषाचा थोडा हेवाही केला.

लॅबमधून बाहेर पडल्यावर कोपऱ्यावर पानठेला होता. नत्थूजींचे पाय आपोआप तिकडे वळले. ठेलेवाल्यानं गिऱ्हाईक ओळखून पन्नी हातात घेतलीसुद्धा.

"नत्थू!"

"खर्रा नाही वं. सादी सुपारी घेतो. तंबाखू नाही, चुना नाही. ते तं चालते ना?"

देवकीताईंचा संयम तिथेच, भर रस्त्यात, संपला. "अरे, तुझं तोंड दोन बोटांवर आलं ते सुपारीनंच! आतल्या आत खाटेची नवार ताणल्यासारखी चामडी आवळत आणली तिनं! आताच काचेत पाहून आलास ना? का पुन्हा नेऊन बसवू?" पलीकडच्या औषधाच्या दुकानातली माणसं बाहेर आली. ठेलेवाल्यानं पन्नी खाली ठेवली.

नत्थूजींनी खिशातून कालची अर्धी पुडी काढली आणि बहिणीच्या हातावर ठेवली. "घे. ओरडू नको. लोक म्हणतीन, म्हातारीचं काही चोरलं म्हाताऱ्यानं."

ऑटोत बसल्यावर ते म्हणाले, "पंचावन्न वर्षं लावली तुनं दाखवाले. अन् दाखवलं तं माहंच नासकं दाखवलं. तवा कांदा दाखवला असता, तं म्या पहिल्यांदा चांगलं पाह्यलं असतं."

पुडी देवकीताईंनी घरापर्यंत मुठीत धरून ठेवली होती. हाताला चुन्याचा वास कितीतरी वेळ गेला नाही.

नत्थूजी दुपारच्या एसटीनं गावाला गेले. बुधवारचं विचारलं तर "पाह्यतो" म्हणाले. देवकीताईंनी आयुष्यभर त्या 'पाह्यतो'चा अर्थ 'नाही' असाच लावला होता. फोन केला तर सोनिका म्हणायची, बाबा बागेत हायेत, तोडा सुरू झाला. शनिवारी तेच, रविवारीही तेच. देवकीताईंनी खिडकीत पाण्याच्या ग्लासावर एक कांदा ठेवला. कोपऱ्यावरच्या भाजीवाल्याकडचा. मंगळवार उजाडला तरी त्याला मुळाचा एक धागा फुटला नव्हता. त्यांनी भाजीवाल्याला मनातल्या मनात सुनावलं, मग भावाला, मग स्वतःला.

मंगळवारी दुपारी दार वाजलं. नत्थूजी उभे होते, एका हातात कपड्यांची पिशवी, दुसऱ्या हातात फडक्याचं गाठोडं. ते आत आले ते थेट खिडकीशी गेले.

"वाटलंच मले. बजारचा कांदा." त्यांनी ग्लासावरचा कांदा उचलून बाजूला ठेवला आणि गाठोडं सोडलं. घरच्या शेतातले बारा कांदे. "याले चार दिवसांत सुटतीन. मी टाके काढून आलो की तिकडं जाऊ, अश्लेषाकडं."

"तोडा?"

"गिरिधर पाह्यते. झाडं काई पळून नाही चालली."

देवकीताईंनी चष्मा सारखा केला. "तोंड उघड."

"काहून?"

"उघड म्हटलं ना."

त्यांनी उघडलं. दोनच बोटं, पण गाल रिकामा होता. पांढरा चट्टा होता तिथेच होता. देवकीताईंनी गालाजवळ नाक नेऊन वास घेतला. सुपारीचाही नव्हता.

"पाच दिवस झाले," नत्थूजी तोंड मिटत म्हणाले. "डोकं नुसतं भणभणून राहिलं. सोनिकावर तीनदा खेकसलो. आता तुयावर खेकसाले आलो."

"खेकस," देवकीताई म्हणाल्या. त्यांनी ग्लासातलं पाणी बदललं, आणि गिरिधरला फोन लावायला मोबाइल उचलला. त्याच्याही तोंडात किती बोटं शिरतात, हे त्यांना आजच्या आज कळायला हवं होतं.