मेणबत्त्या जळेपर्यंत

मिर्ताने लाटक्यांच्या चपट्या वड्यांसाठी किसलेला बटाटा आणि कांदा जाड फडक्यात बांधला आणि सगळा जोर लावून पिळला. तांबूस पाणी बेसिनमध्ये गळत राहिलं.

"अजून पीळ," बाहेरच्या खोलीतून आईने फर्मावलं. "ओलं राहिलं की लाटके लगदा होतात."

"पिळतेय, आई."

"पिळतेय म्हणे! मला ऐकू येतंय ना."

आई, म्हातारी फेयगा, खिडकीजवळच्या खुर्चीत बसलेली असे. तिथून स्वयंपाकघर दिसत नसलं तरी तिचे कान शाबूत होते. खुबा मोडल्यापासून पलंग आणि न्हाणीघर सोडलं तर ती त्या खुर्चीतून कुठे गेली नव्हती, आणि मिर्ता तिला सोडून कुठे गेली नव्हती. मिर्ताच्या पियानोच्या शिकवण्या आधी कमी झाल्या, मग बंदच पडल्या. व्हिया क्रेस्पो वस्तीतले शेजारी म्हणत, मुलगी असावी तर अशी. ते ऐकलं की मिर्ताचा जीव गुदमरे.

दूरच्या मेंदोसा शहरातल्या ज्यू शाळेला संगीताची बाई हवी होती. शाळा मार्चमध्ये उघडणार होती, पण हो की नाही ते उद्याच कळवायचं होतं. आईला सांगायला मिर्ताने कितीदा तरी तोंड उघडलं, आणि दर वेळी आईला नेमकं पाणी तरी हवं झालं, नाहीतर उशी तरी. आज भाऊ साउल येणार होता. आईकडे आता त्याने बघावं, एवढंच त्याला सांगायचं होतं. आज जमलं नाही तर ती या घरातून कधीच बाहेर पडणार नव्हती.

पण हानुका या ज्यूंच्या दिव्यांच्या सणाच्या जेवणात बोलणार कधी? लाटका तव्यावरून थेट ताटात पडायला हवा. म्हणजे तळणारी ओट्याशी आणि बाकीचे सगळे टेबलाशी. सगळे उठल्यावर उरलेला गार, तेलकट तुकडा मिर्ता उभ्यानेच तोंडात टाकी.

साउल आला तो बायको ग्रासिएला आणि दोन वाढत्या वयाच्या मुलांना घेऊन, भूक भूक करतच.

"काय वास सुटलाय!" आईच्या गालाचा मुका घेत तो ओरडला. "मिर्ता, पहिला घाणा माझा हं!"

पहिला घाणा गेला, दुसरा गेला. सफरचंदाच्या चटणीची वाटी दोनदा भरून झाली. "आत्या, अजून!" इथला डिसेंबर म्हणजे ऐन उन्हाळा, त्यात उकळतं तेल, मिर्ताची पाठ घामाने भिजून गेली होती. खिडकीबाहेर अंधार पडला तेव्हा बटाट्याचं निम्मं पीठ अजून भांड्यात होतं. तिने गॅस बंद केला.

हानुकाच्या मेणबत्त्या जळत असतात तो अर्धा तास घरातल्या बायकांनी कामाला हात लावायचा नाही, हा आजीपासून चालत आलेला नेम. तळण अडू नये म्हणून आई दर वर्षी मेणबत्त्या जेवणानंतर लावायला सांगे. मिर्ताने हात पुसले आणि मेणबत्त्या लावायचा पितळी दिवा आणून टेबलावर ठेवला.

"साउल, मेणबत्त्या लाव."

"आत्ता? अजून लाटके व्हायचेत ना?"

"अंधार पडलाय. लाव."

आईने तिच्याकडे निरखून पाहिलं. "पीठ काळं पडेल, मिर्ता."

"पडू दे."

साउलने घाईघाईत प्रार्थना म्हटली आणि मेणबत्त्या पेटवल्या. मिर्ता खुर्ची ओढून बसली. हात कुठे ठेवावेत ते तिला कळेना.

"मला मेंदोसाला नोकरी मिळतेय," ती म्हणाली. "मार्चपासून. मी जाणार आहे. आईचं तुला बघावं लागेल."

साउल आधी हसला. मग हसायचा थांबला.

"अगं, आमची जागा केवढी? आणि आईला तुझ्याच हातचं लागतं. तिला धड उभंसुद्धा राहता येत नाही, मिर्ता. तू गेलीस तर तिने हातपायच गाळले म्हणून समज."

"आणि इथे तुम्हाला काय कमी आहे हो?" ग्रासिएला हळूच म्हणाली. "घर आहे, आई आहे."

मिर्ताने पाठ केलेली वाक्यं कुठल्या कुठे पळाली. साउलने काटा उचलून ताटलीत फिरवला. त्याच्यापुरता विषय संपला होता. आता गप्पा पुन्हा सुरू होतील, जाताना उरलेले लाटके डब्यात भरून मागितले जातील, आणि ती भरून देईल. तिचे डोळे जळजळायला लागले.

तेवढ्यात फरशीवर काठी वाजली. आई उठून उभी राहिली होती.

"काय हवंय, आई? मिर्ता देईल," साउल म्हणाला.

भिंतीचा आधार घेत आई स्वयंपाकघरात गेली. गॅस पेटल्याचा आवाज आला, मग तेल चरचरलं. मिर्ता धावली. आई एका हाताने ओटा घट्ट धरून उभी होती, दुसऱ्या हाताने तव्यावर पीठ सोडत होती.

"आई, सोड ते. मी करते."

"तू जाऊन बस. मेणबत्त्या जळतायत."

"आणि तू? तूही बाईच आहेस ना?"

"माझं आणि देवाचं आम्ही बघून घेऊ." तिने लाटका सफाईने उलटला. मग मिर्ताकडे न बघता म्हणाली, "दुखतं खूप. ते खोटं नाही. पण उभं राहता येतं. तू होतीस, म्हणून बसून राहिले."

मिर्ता ओट्यापासून मागे सरली.

"साउल!" आईने हाक मारली. "इकडे ये. हे पीठ काळं पडलंय. नवे बटाटे सोल आणि किस."

"मी?"

"मग काय, मेंदोसाहून येऊन ती किसणार आहे?"

साउल उठला. मिर्ता टेबलाशी येऊन बसली, आणि थोड्या वेळाने त्यानेच तिच्यापुढे ताटली आणून ठेवली. कडा कुरकुरीत झाल्या होत्या. लाटका इतका गरम होता, की जिभेला चटका बसला. तिने तो तसाच चावला. आई अडवेल, या धास्तीत तिने इतके दिवस काढले होते. आता वाटत होतं, जाऊ नकोस असं आईने एकदा तरी म्हणायला हवं होतं. मिर्ताने स्वयंपाकघराकडे कान दिला. आतून फक्त तेलाचा आवाज येत होता.