दुपारचा इवाकिरी

इवाकिरीनं रग्बी सोडली की मिझोगुचीबाईंचा काय फायदा होणार, याचा हिशेब त्यांनी हंगाम संपायच्या आधीच मांडून ठेवला होता. एक आख्खा माणूस. आजवर त्यांच्या डिस्पॅच खात्याच्या वाट्याला तो अर्धाच यायचा, सकाळचा. दुपारी एक वाजला की स्वारी त्यांच्या कंपनीच्या, हिनोसे बेअरिंगच्या, मैदानावर, कंपनीच्याच संघाच्या पहिल्या फळीत खांदा लावायला. त्याची दुपारची कामं बाकीच्यांत वाटली जात आणि वाटून उरलेली बाईंच्या टेबलावर येत. आता बुधवारी वेळेवर सुटून हुला नाचाच्या वर्गाला जाता येणार होतं. वर्गाची फी त्या वर्षानुवर्षं भरत होत्या, नाच मात्र पहिल्याच गाण्याशी अडला होता.

शेवटचा सामना संघ हरला. खेळाडू रांगेत उभे राहून कंपनीच्या लोकांपुढे कमरेत वाकले. सगळे सरळ झाले तरी इवाकिरी वाकलेलाच. डिस्पॅचच्या लोकांनी रडून घेतलं, गुच्छ दिला, आणि सोमवारी तो कामावर आला.

एक वाजला. खात्यातले सगळ्यात जुने ओनिझुका सवयीनं म्हणाले, "चल, निघ बाबा. दे ती चलानं इकडे, मी बघतो."

इवाकिरीनं तोंड उघडलं, मिटलं, "येतो" म्हणाला आणि गेला.

मंगळवारीही तेच. बुधवारीही. बाईंना वाटलं, नव्या पोरांना तयार करायला क्लबनं ठेवून घेतलं असेल. विचारणं बरं दिसलं नसतं; कंपनीचा संघ, त्यात आपण कोण मोडता घालणार? असे आठवडे गेले. आख्खा माणूस कागदावरच राहिला.

शेवटी बाईंनी गोड पुरणाच्या वड्यांचा खोका घेतला आणि मैदान गाठलं. इतकी वर्षं आमच्या माणसाला सांभाळलंत, असं म्हणायला. आणि त्या आडून, तो परत कधी देताय, हे विचारायला.

प्रशिक्षक हाताये त्यांच्याहूनही खाली वाकले. "उलट आम्हीच यायला हवं होतं, बाई. ऐन कामाच्या वेळी तुम्ही रोज माणूस पाठवता. फार संकोच वाटतो. पण एवढ्या आपुलकीनं पाठवलेल्याला माघारी कसं पाठवायचं?"

"आम्ही पाठवतो?"

"मग कोण पाठवतं?"

दोघांनी वळून पाहिलं. मैदानाच्या कडेला, खेळाडू रेटारेटीचा सराव करतात त्या लोखंडी गाड्याला इवाकिरी ग्रीस लावत बसला होता.

बाई त्याच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या. "तुला इथे कुणी बोलावलं?"

"कुणी नाही."

"मग आम्ही हाकललं?"

"तसं नाही. ओनिझुकासान निघ म्हणतात. इतक्या प्रेमानं म्हणतात की…"

"ते भिंतीलासुद्धा म्हणतील. एक वाजायचा अवकाश. तुला तोंड नाही?"

त्यानं ग्रीसचे हात पुसले. "बाई, एकनंतर तुम्ही लोक काय करता, ते मला माहीतच नाही. सकाळी माल मोजतो, तेवढंच येतं. आता या वयात कुणाला विचारू, कुठला माल कुठल्या ट्रकवर जातो म्हणून? लोक हसतील. आणि हसले नाहीत तर त्याहून वाईट. सांभाळून घेतील. आहे मी आपला, कोपऱ्यात."

बाईंच्या जिभेवर एक झणझणीत उत्तर होतं, ते त्यांनी गिळलं. हिशेबाच्या नावे बाजूला खात्याचंही काही देणं निघत होतं. त्याच्या हातातून काम काढून घेण्यात सगळ्यांनाच भारी समाधान मिळायचं. दोन पेले पोटात गेले की ओनिझुका म्हणायचे, "अर्धा सामना आम्ही खेळतो!" पण शिकवण्याचं कुणी नाव काढलं नव्हतं. बाईंनीही नाही.

"पहिल्यांदा फळीत उभा राहिलास, तेव्हा काय झालं होतं?"

"मान आखडली."

"हसले?"

"पोट धरून."

"मग?"

"मग पाय कुठे रोवायचा ते दाखवलं."

"उद्यापासून आम्ही हसणार. ते ग्रीस नीट धुऊन ये."

दुसऱ्या दिवशी एक वाजला आणि ओनिझुकांचा हात पुढे आला.

"ओनिझुकासान, हात खिशात," बाई म्हणाल्या.

इवाकिरी उठला आणि सगळ्यांपुढे वाकला. "मला दुपारचं काम येत नाही. शिकवा."

ओनिझुका म्हणाले, "अरे, तर मग इतकी वर्षं तुझ्या वाटचं काम करणाऱ्याला निदान चहा तरी करून द्यायचास!" आणि सगळे हसले. इवाकिरीही हसला, कान लाल करून.

चार वाजता त्यानं नागोयाचा माल निईगाताच्या ट्रकवर चढवला. फाटकाशी ते लक्षात आलं. सगळा उतरवून पुन्हा चढवावा लागला. चुकलं की सगळे मिळून माफी मागायची, ही खात्याची रीत; सगळे ड्रायव्हरपुढे रांगेत वाकले. इवाकिरी सगळ्यांच्या आधी सरळ झाला आणि पुढची खोकी उचलायला धावला.

त्या दिवसाची बेरीज अशी. ड्रायव्हरचा तास गेला. ओनिझुकांची कंबर गेली. बाईंची संध्याकाळ गेली. हातायेंचा फुकटचा ग्रीसवाला गेला. शेवटी नाणी टाकायच्या मशीनमधून सगळ्यांसाठी गरम कॉफीचे डबे काढले, त्यांचे पैसे इवाकिरीनं भरले. इतक्या वर्षांत डिस्पॅचनं त्याला पहिल्यांदाच भरू दिले.