ताईच्या घरातलं शूटिंग

धाकटीचा पाय एका जागी ठरत नसे. बावीस वर्षांत तिने एकतीस सिनेमे चित्रित केले होते; सगळे लहानसे, कुणा ना कुणा हट्टी माणसाने पदरमोड करून काढलेले. भुताखेतांचा सिनेमा असो, खाणकामगारांवरचा माहितीपट असो की पोरासोरांची धमाल, ज्याला जसा हवा तसा कॅमेरा ती चालवायची.

या वेळच्या दिग्दर्शकाचा पहिलाच सिनेमा होता. तो एवढंच म्हणाला, "मॅडम, तुम्हाला दिसतं तसं करा."

झालं! धाकटीचं अवसानच गळालं. आजवर प्रत्येकाने काहीतरी मागितलं होतं आणि तिने ते दिलं होतं. कुणी मागतच नसेल तर द्यायचं काय?

शूटिंग तिच्या थोरल्या बहिणीच्या दोन खोल्यांत होतं. ताई नर्स, ती कामावरून परतायच्या आत आवरायचं, असं ठरलं होतं. प्रसंग साधा. आई मुलाला निरोप देऊन घरात येते आणि खुर्चीत बसते. धाकटीने दिवा खिडकीपाशी लावला, मग दारापाशी, मग काढूनच टाकला. कपाट तीनदा हललं. नटी चौदा वेळा बसली, चौदा वेळा उठली.

"आता मला खरंच रडू येतंय," नटी म्हणाली.

तेवढ्यात ताई दारात उभी. "माझी खुर्ची कुठाय?"

"ही काय, मधे घेतलीय. पाच मिनिटं थांब ना, ताई."

"तुझी पाच मिनिटं मला ठाऊक आहेत."

ताईने खुर्ची ओढली, खिडकीकडे पाठ केली आणि बूटही न काढता भिंतीकडे तोंड करून बसली.

"अशी का बसलीस?" धाकटीने विचारलं.

"दिवसभर माणसं बघते. घरी आले की जरा वेळ भिंत बघते. ती काही मागत नाही."

धाकटी तिच्या पाठीमागे उभी राहून बघत राहिली. सकाळपासून ती चेहऱ्यावरच उजेड पाडायला धडपडत होती. तिने कॅमेरा उचलून खिडकीत ठेवला.

"चेहरा दिसणार नाही?" दिग्दर्शक चाचरला.

"नाही."

"पण लोकांना कळेल?"

"माहीत नाही," ती म्हणाली. हे उत्तर तिने आजवर कुणालाच दिलं नव्हतं.

नटी ताईसारखी बसली. पहिल्याच खेपेला काम झालं.

सिनेमा एकाच थिएटरात नऊ दिवस टिकला. काहींनी चेहरा दिसत नाही म्हणून नाकं मुरडली. ताईने मात्र थिएटरातच शेजारी बसलेल्या धाकटीला कोपराने ढोसलं. "माझी पाठ एवढी वाकलीय?"

"ती नटीची पाठ आहे गं."

"असेल. बसणं माझं आहे."

पुढच्याच आठवड्यात दुसऱ्या एका दिग्दर्शकाचा फोन आला. त्याला सगळं कसं चकचकीत हवं होतं. एरवी फोनवरच हो म्हणणारी धाकटी दोन दिवस घरभर येरझाऱ्या घालत राहिली, मग तिने त्याला पटकथा मागितली आणि म्हणाली, "आधी वाचते. मग सांगते."