पुस्तकबाईंचा प्रश्न

शाळेतून फोन आला तेव्हा माझ्या ओठांत खिळे होते. मी सोफे दुरुस्त करतो. कापड ताणून बसवताना दोन्ही हात गुंतलेले असतात, म्हणून आम्ही बारीक खिळे ओठांत धरतो आणि एकेक काढून ठोकतो. शिपाईमामा पलीकडून म्हणाले, “पुस्तकबाई पडल्या. स्टुलावरून. तुम्ही या.”

मी “हं” म्हटलं.

“ऐकताय ना?”

मी पुन्हा “हं” म्हटलं. मग ते म्हणाले, “गाडी हळू चालवा. आता घाई नाही.” त्यावरून मला कळलं. मी खिळे ओठांतून काढून डबीत टाकले, डबीचं झाकण लावलं, आणि मग निघालो.

डॉक्टर म्हणाले, डोक्यातली शीर आधी फुटली, पडणं नंतरचं. मला त्यात काही फरक वाटला नाही. मुलांना मात्र पडणंच दिसलं होतं. चौथीचा वर्ग वाचनालयाबाहेर रांगेत उभा होता आणि आमची मुलगीही त्याच रांगेत होती. बायको स्टुलावर चढून कागदाची साखळी भिंतीवरच्या हुकाला अडकवत होती. ती कोसळली तेव्हा साखळीही तिच्या हाताबरोबर ओढली जाऊन तुटली आणि खाली आली. तेराव्यापर्यंत मुलगी शाळेत गेली नाही. गेली त्या दिवशी वर्गात तिला पहिलं वाक्य ऐकायला मिळालं ते हे: “तुझ्या आईने आमची साखळी तोडली.”

माझी बायको शाळेचं वाचनालय सांभाळायची. मुलं तिला पुस्तकबाई म्हणायची. मुलांनी वाचावं म्हणून तिच्या डोक्यात सतत काहीतरी चालायचं. बुटांच्या रिकाम्या खोक्यात पुस्तकातला एक प्रसंग उभा करायचा. एक दिवस पुस्तकातलं कोणीतरी बनून शाळेत यायचं आणि संध्याकाळपर्यंत तसंच वागायचं. माझ्या दुकानातला उरलेला फोम तिच्याकडे ढग व्हायचा आणि रेक्झिनचे तुकडे डोंगर व्हायचे. मी एकदा नवा कोरा फोम शोधत होतो, तर तो तिसरीतल्या कोणाच्या तरी देवमाशाच्या पोटात गेलेला निघाला.

साखळी हे त्यातलं सगळ्यात मोठं काम. एक पुस्तक वाचलं की कागदाची एक कडी, तिच्यावर पुस्तकाचं आणि वाचणाऱ्याचं नाव. प्रत्येक वर्गाचा रंग वेगळा. वर्षाच्या शेवटी ज्यांची साखळी लांब तो वर्ग जिंकला. पण कडी फुकट मिळायची नाही. आधी तिच्या प्रश्नाचं उत्तर द्यावं लागायचं. सगळ्या पुस्तकांना एकच प्रश्न: “यातल्या कोणाला तू घरात घेणार नाहीस? आणि का?”

पुस्तकाच्या मागचा मजकूर वाचून याचं उत्तर देता येत नाही. मुलं प्रश्नासाठी रांग लावायची आणि रांगेतच भांडायची. जेवताना बायको मला ती उत्तरं सांगायची. एकाने राजाला घरात घ्यायचं नाकारलं, कारण राजा आंघोळीला बसला की बाकीच्यांना पाणी उरणार नाही. एका मुलीने गोष्टीतल्या गुणी मावशीला नकार दिला. म्हणाली, “ती आली की आई मला दिवसभर तिचंच उदाहरण देईल.”

“अहो, तुम्ही कधी वाचणार?” बायको विचारायची.

“मला वेळ कुठाय?”

“खरंय. तुम्ही फक्त सोफ्याच्या पोटातलं वाचता.”

ती गेल्यावर मोठ्या बाई, म्हणजे मुख्याध्यापिका, घरी आल्या. चषक ठेवणार म्हणाल्या, बायकोच्या नावाने. साखळीही चालू राहील. फक्त आता कडी पालकांच्या सहीवर मिळेल. घरून चिठ्ठी आणायची की पुस्तक वाचलं, की झालं.

“आणि प्रश्न?” मी विचारलं.

“प्रश्न विचारायला माणूस कुठाय हो?” त्या म्हणाल्या. मग आपण काय बोललो ते त्यांच्या लक्षात आलं आणि त्यांनी चहा न पिताच कप खाली ठेवला.

साखळ्या झपाट्याने वाढल्या. पूर्वी एका भिंतीवर मावायच्या, आता जिन्यातून खाली उतरल्या. मी मुलीला सोडायला जायचो तेव्हा ते बघायचो आणि दिवसभर माझं डोकं तापलेलं असायचं. बायकोच्या नावाखाली खोट्या कड्या लागत होत्या.

आमच्या मुलीची त्यात एकही कडी नव्हती. ती हळू वाचते, ओळीखाली बोट धरून. आई असताना तिने एक जाडं पुस्तक धरलं होतं, समुद्रात भरकटलेल्या टपालाच्या बोटीचं. आई त्यातली सुरुवातीची पानं तिच्या वर्गाला वाचून दाखवायची, पुढचं ज्याने त्याने वाचायचं. आई गेल्यावर तिने ते संपवलं. वर्गबाईंनी माझ्याकडे चिठ्ठी पाठवली: हिच्यामुळे वर्ग मागे राहतोय, कृपया सही करावी.

मुलीने ती चिठ्ठी माझ्या हातातून घेतली आणि फाडली. “मला सही नको. प्रश्न हवाय.”

“एवढंच ना? मी विचारतो.”

मी एक सोफा उलटा करून त्याचं खालचं कापड फाडत होतो. तिथूनच मोठ्याने विचारलं, “यातल्या कोणाला तू घरात घेणार नाहीस?”

ती म्हणाली, “असं नाही विचारायचं.”

“मग कसं?”

“तुम्ही पुस्तक वाचलंय?”

“प्रश्न तर तोच असतो. सगळ्या पुस्तकांना चालतो. आईनेच सांगितलंय मला.”

तिने पुस्तक दप्तरात घातलं आणि मैत्रिणीकडे निघून गेली. तिला एकच मैत्रीण होती. चणीने एवढीशी आणि सतत काही ना काही उचलून नेत असायची, म्हणून सगळे तिला मुंगी म्हणायचे. साखळी तोडल्याचं वाक्य वर्गात फिरत होतं तेव्हा हिच्याशेजारी बसणारी मुंगी एकटीच. ती रोज आमच्याकडे यायची. तरीही तिच्यावर माझा राग होता. चौथीच्या साखळीत सगळ्यात जास्त कड्या मुंगीच्या होत्या, आणि तिच्या आईला बसथांब्यावर उभ्या उभ्या, बस दिसत असताना, भराभर सह्या करताना मी पाहिलं होतं.

वर्षाच्या शेवटी चौथीच जिंकली. चषक द्यायला मला बोलावलं. मी मोठ्या बाईंना म्हटलं, “देण्याआधी मुलांना तिचा प्रश्न विचारू का?”

“अवश्य विचारा! दोघातिघांना. फोटोही छान येतील.”

सभागृहात सगळी शाळा आणि पालक होते. मी धुतलेला शर्ट घातला होता. मला माईक दिला. मी कधी माईकवर बोललो नव्हतो, स्वतःचा आवाज ऐकून दचकलो. मग बरं वाटलं. मी मुंगीला वर बोलावलं.

ती हसत आली. मी तिच्याच कड्यांपैकी एक वाचली आणि त्या पुस्तकाबद्दल विचारलं, “यातल्या कोणाला तू घरात घेणार नाहीस?”

ती माझ्याकडे बघत राहिली, मग माईककडे.

“बोल ना. वाचलंय ना तू?”

तिने मान डोलावली.

“मग सांग. बरं, हे राहू दे.” मी दुसरी कडी वाचली. “यातलं कोण?”

तिचे ओठ हलले, आवाज आला नाही. मी तिसरी वाचली. मागून कोणीतरी खिदळलं. मी म्हणालो, “एवढ्या कड्या, आणि एकाचंही नाव सांगता येत नाही? की आईनेच वाचली सगळी?” मोठी माणसं हसली. ती हसली म्हणून मला आणखी जोर आला. मी चौथी कडी हातात घेतली, तेवढ्यात पुढच्या रांगेतला एक मुलगा ओरडला, “ईऽ, बघा बघा!” मुंगीच्या पायाखाली ओलं झालं होतं. पांढरा मोजा पिवळा झाला होता. सगळं सभागृह हसलं. तिची आई धावत आली आणि तिला उचलून घेऊन गेली. माझ्याकडे तिने बघितलंही नाही.

मला वाटलं, चला, एकीचं तरी खोटं उघडं पडलं. मी थांबलो नाही. “पुढचा कोण?”

वर्गात ज्याला वकील म्हणतात तो मुलगा न बोलावता वर आला. त्याने बोटीच्या पुस्तकाचं नाव घेतलं. आमच्या मुलीच्याच.

“यातल्या कोणाला घरात घेणार नाहीस?”

“बोटीवरच्या न्हाव्याला,” तो लगेच म्हणाला.

“का?”

“काका, तो वादळात पण दाढी करत असतो. आणि कप्तानाचा कान कापतो. आमचे बाबा दाढी करताना आधीच ओरडतात. त्यांचा कान गेला तर आई मलाच मारेल.”

“शाब्बास!” मी म्हणालो. “याला म्हणतात वाचणं. टाळ्या वाजवा याच्यासाठी.”

मी एकट्यानेच टाळ्या वाजवल्या. चौथीचा वर्ग एकमेकांकडे बघत होता. मग एक हसला, मग सगळी रांग. ते असं हसले की काही जण खुर्चीवरून घसरले.

आमची मुलगी उभी राहिली. “बाबा, त्या बोटीवर न्हावी नाहीये.”

“काका,” वकील माझ्याच माईकमध्ये म्हणाला, “पुस्तकबाई स्वतः वाचल्याशिवाय कोणाला विचारायच्या नाहीत. तुम्ही वाचलंय?”

मोठ्या बाई पुढे आल्या, माझ्या हातातून माईक घेतला आणि म्हणाल्या, “किती हजरजबाबी मुलं आहेत आपली!” चषक त्यांनीच दिला. फोटोत मी आहे.

घरी आल्यावर पायातले बूट काढताना मुलगी म्हणाली, “मुंगीने ती वाचली होती.”

“कोणती?”

“तुम्ही विचारलीत ती सगळी. माझ्यासमोर वाचली. मी हळू वाचते म्हणून ती माझ्यासाठी मोठ्याने वाचायची. तिची आई सही बघून नाही करत, पण मुंगी खोटं नाही सांगत.”

“मग बोलली का नाही?”

“आई कानात विचारायची. खाली बसून. आपण पण तिच्या कानात सांगायचं. दुसऱ्या कोणाला ऐकू जायचं नाही. म्हणून तर सगळे खरं सांगायचे. एकदा मुंगीने आईला सांगितलं होतं, गोष्टीतल्या काकांना घेणार नाही, कारण ते तिच्या काकांसारखे आहेत. ते ती माईकवर कसं सांगेल?”

“तुला कसं माहीत?”

“तिनेच सांगितलं. माझ्या कानात.”

मी दुसऱ्या दिवशी मुंगीच्या घरी गेलो. तिच्या आईने दार अर्धं उघडलं. मी म्हणालो, “मला तिच्याशी बोलायचंय.”

“आणखी काही विचारायचं राहिलं का?” ती म्हणाली, आणि दार लावलं.

सुट्टीनंतर शाळा सुरू झाली तेव्हा मुंगी दुसऱ्या तुकडीत गेली. ती तुकडी तिने स्वतःच मागून घेतली. आमच्या मुलीच्या बाकावर शेजारी आता कोणी बसत नाही. वर्गातल्या मुलांनी साखळी तोडल्याचं बोलणं सोडलं, कारण त्यांना नवीन मिळालं. तिला ते न्हाव्याची पोर म्हणतात. दुकानासमोरून जाताना मला “न्हावीकाका, दाढी किती?” असं ओरडून पळतात. सोफा सोडायला आलेल्या एका गिऱ्हाइकाने ते ऐकलं आणि विचारलं, “आधी सलून होतं का इथे?”

मी बोटीचं पुस्तक वाचायला घेतलंय. दुपारी दुकानात वाचतो. माझ्यासारख्या माणसाचं एक पान व्हायला वेळ लागतो. पुढे गेलो की मागचं कोण होतं ते विसरतो आणि परत पहिल्यापासून बघतो. मुलगी जेवायला बसली की विचारते, “कुठवर आलात?” मी सांगतो. तेवढंच आमचं बोलणं होतं. परवा मी म्हणालो, “थोडं सांग ना पुढचं, म्हणजे माझं लवकर होईल.”

“नाही सांगणार,” ती म्हणाली. “आणि तुमचं होईपर्यंत मी विसरून जाईन.”

तिने ताट उचललं आणि आत गेली.

बोट अजून बंदरातून निघालेली नाही. मुलीला प्रश्न विचारायचा राहिला आहे.